बाबांना तासातासाला का उठवतात

प्रिय वैशू,

बाबांच्या मेंदूत थोडंच रक्त साचलंय, ऑपरेशनची घाई नाही, हे वाचून हायसं वाटलं. पण ‘सिस्टर रात्रभर उठवून तेच तेच विचारतात, छळ नुसता’ असं तू लिहिलंस, त्यावर मी, एक सिस्टर, गप्प कशी बसू?

अगं, झोप आणि गुंगी लांबून सारखीच दिसते. उठवल्याशिवाय फरक कळायचा कसा? मॉनिटरवर विसंबून चालत नाही. डोक्यातला दाब वाढून बीपी चढेपर्यंत आणि नाडी मंदावेपर्यंत बराच उशीर झालेला असतो. त्याआधी बदलते ती शुद्ध.

ती मोजायची पट्टी 1974 साली ग्लासगोच्या टीसडेल आणि जेनेट यांनी दिली. डोळे उघडण्याला जास्तीत जास्त 4 गुण, बोलण्याला 5, हालचालीला 6, सगळं नीट असेल तर 15. काहीच प्रतिसाद नसला तरी 3, शून्य नाहीच. 8 किंवा कमी झाले की श्वासाची नळी घालायची तयारी ठेवतात. मला विचारशील तर नुसती बेरीज फसवी. ड्यूटी बदलताना आम्ही तिन्ही आकडे सुटे सांगतो. आणि कालपासून 13 वर टिकलेल्या पेशंटपेक्षा 15 वरून 13 वर आलेल्याची मला जास्त धास्ती वाटते.

‘माझं बोट दाबा’ म्हटल्यावर ‘आता सोडा’ही म्हणतात, ऐकलंस ना? हातात काही आलं की बेशुद्ध माणसाचीही मूठ आपोआप मिटू शकते. सांगितल्यावर सोडणं मात्र समजूनच होतं. खांद्याचा चिमटा हाकेला ओ न देणाऱ्यालाच. टॉर्चने बघतात त्या डोळ्यांच्या बाहुल्या: दोन्ही सारख्या आहेत का, प्रकाशाने आकसतात का. एक अचानक मोठी होऊन तशीच राहिली, तर धावपळ.

तरी पट्टीला सगळं कळत नाही. आपल्याकडे मण्यार चावलेला पेशंट येतो, पापणीही हलत नाही, आकडा तळाला. पण आत तो जागा असू शकतो, सगळं ऐकत असतो. म्हणून अशांशी मी बोलतच राहते.

तू एक कर. तिथे बंगळुरूत सिस्टर हिंदीत महिना विचारणार आणि बाबा ‘भाद्रपद’ म्हणणार! उत्तर बरोबर असलं तरी तिला गोंधळ वाटला, तर एक गुण गेलाच. तेव्हा त्यांची भाषा, सवयी तिला सांगून ठेव. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय तेही सांग, त्याने बाहुलीचा आकार कधीकधी वेगळा दिसतो. आणि कानाचं मशीन घरी राहिलं असेल तर आजच मागवून घे.

तुझी,
माधवी