योयोत मॅडम, तुमचे आभार

आदरणीय मारी-जोझेफ योयोत मॅडम,

तुम्ही २०१७ मध्ये गेलात. तरी हे पत्र जाहीरपणे लिहिते आहे, कारण गुन्हेमालिकांचं संकलन करताना मला सगळ्यात मोठी मदत तुम्ही संकलित केलेल्या 'पोलिस पायथन ३५७' या फ्रेंच चित्रपटाची झाली आणि तुमचं नाव आपल्याकडे फार थोड्यांना ठाऊक आहे.

आमच्याकडे रहस्य म्हणजे खुनी शेवटपर्यंत लपवायचा, हे ठरूनच गेलेलं. दिग्दर्शक आलँ कोर्नोच्या या १९७६च्या चित्रपटात मात्र खून आपल्या डोळ्यांदेखत होतो. ओर्लेआँ शहरातला इन्स्पेक्टर फेरो आणि त्याचा साहेब गानाय, दोघांचेही एकाच तरुणीशी संबंध. तिच्या आयुष्यातला दुसरा पुरुष कोण, हे दोघांनाही माहीत नाही. मत्सराच्या भरात गानाय तिला मारतो आणि तपास येतो नेमका फेरोकडे. प्रत्येक धागा फेरोकडेच बोट दाखवतो. फेरो झालेला इव्ह मोंताँ स्वतःच्याच मागावर! प्रेक्षकाला सगळं कळलेलं, पडद्यावरच्या दोघांना अर्धं अर्धं. मग कोणाच्या चेहऱ्यावर किती थांबायचं आणि कट कुठे द्यायचा, यावरच सगळा ताण उभा राहतो. साक्षीदार बोलायला लागला की माझे डोळे मोंताँवर खिळतात. त्याला ओळखतील का, एवढंच मनात असतं.

या धीराचं मूळ मला फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोच्या, तुम्हीच संकलित केलेल्या 'द ४०० ब्लोज'मध्ये (१९५९) दिसतं. मानसोपचारतज्ज्ञ बाई छोट्या आंत्वानला प्रश्न विचारते, पण ती एकदाही दिसत नाही. नुसता आवाज. मुलाचा चेहरा, डिझॉल्व्ह (एक दृश्य विरत दुसरं उमटणं), पुन्हा तोच चेहरा. प्रश्नकर्तीला न दाखवणं हा त्रुफोचा निर्णय असेल, पण ते तुकडे सांधणारे हात तुमचे होते.

आमच्या एका भागात पोलीस चौकीतल्या जबानीचा लांबलचक प्रसंग होता. खुनी कोण हे प्रेक्षकाला आधीच सांगून टाकू या, असं मी दिग्दर्शकांना सुचवलं आणि हवालदाराचे बहुतेक शॉट काढून फक्त ऐकणाऱ्या बाईवर राहिले. पार्श्वसंगीतही काढलं. ते बघून दिग्दर्शक म्हणाले, ''आता हात लावू नकोस.'' हे धाडस मला तुमच्यामुळे झालं, मॅडम.

'पोलिस पायथन'साठी १९७७ मध्ये तुम्हाला सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला, तेव्हा त्या पुरस्काराचं दुसरंच वर्ष होतं. पुढे कोर्नोच्याच 'तू ले मातँ द्यु मोंद'साठी १९९२ मध्ये आणि 'मायक्रोकॉसमॉस'साठी १९९७ मध्ये. पिस्तुलं, सतराव्या शतकातलं संगीत आणि गवतातले किडे! एकाच साच्यात अडकलेल्या आम्हा मालिकावाल्यांना हा पल्ला फार बळ देतो. सध्या 'दिवा'मधला (१९८१) मेट्रोतला मोपेडचा पाठलाग शॉट-शॉट थांबवून बघते आहे. मोनिक प्रिम यांच्यासोबत तुम्ही तो चित्रपट जोडलात, म्हणून त्यांचेही आभार.

आपली कृतज्ञ,
एक मराठी संकलक