लंबक मध्यावर थांबत नाही

महोदय,
लोकमत एका टोकाला गेलं की 'लंबक आता परत फिरेल' असं हमखास लिहिलं जातं. उपमा छान, पण अर्धीच वापरलेली. दोऱ्याला किल्ली बांधून झुलवून पाहा. ती क्षणभर थबकते टोकाला. मध्यावर तर तिचा वेग सर्वांत जास्त! सुवर्णमध्य वगैरे ती नुसता ओलांडून जाते. डच शास्त्रज्ञ हायगेन्सने १६५६ साली लंबकाचं घड्याळ रचलं. अशा घड्याळात खाली उतरणारं वजन दातेरी चाकामार्फत लंबकाला सतत हलकासा धक्का देत राहतं, नाहीतर हवेच्या विरोधाने झोका विरून जातो. मतांच्या लंबकाला हा धक्का कोण देतं, यावर मात्र (माझ्या वाचनात तरी) कुणी लिहीत नाही. तेवढं कुणीतरी लिहावं.
— एक वाचक