मेहरजुई ‘द काऊ’पाशी थांबले नव्हते

महोदय,

रविवारच्या पुरवणीतला इराणी चित्रपट दिग्दर्शक दारियुश मेहरजुईंवरचा लेख वाचला. राहवलं नाही म्हणून लिहिते आहे. अर्धा लेख १९६९च्या ‘द काऊ’ या चित्रपटावर आणि उरलेला २०२३मध्ये त्यांची व पत्नीची राहत्या घरात झालेली हत्या. मधल्या पन्नासहून अधिक वर्षांची वासलात काय, तर ‘काही विनोदी व कौटुंबिक चित्रपट’!

‘इजारे-नशिनहा’ विनोदी आहे, हे खरंच. इराकशी युद्ध चालू असताना तेहरानच्या पडायला आलेल्या इमारतीतल्या भाडेकरूंची भांडणं त्यांनी पडद्यावर आणली आणि माणसं पोट धरून हसली. ‘द काऊ’मध्ये गाय मेल्यावर स्वतःच गाय होऊन बसणारा नट इज्जतोल्ला इंतेजामी इथे चक्क खाटीक आहे. ही दोन्ही टोकं ज्याला जमली, त्याला तुम्ही एका चित्रपटाचा धनी करून टाकलंत. ‘हामून’चं नावही नाही. चोरट्या सीड्यांवर घरोघरी पाहिला गेलेला, चित्रपटगृहात लागू न दिलेला ‘संतुरी’ही नाही.

आणि ‘लैला’ कौटुंबिक? लैलाला मूल होत नाही, म्हणून सासू मुलाच्या दुसऱ्या लग्नाचा घाट घालते. नवरा मुली बघायला जातो तेव्हा लैला त्याच्याबरोबर गाडीतून निघते आणि बाहेर त्याची वाट बघत थांबते. आमच्या गावच्या फिल्म सोसायटीत मी हा चित्रपट आत्याला घेऊन पाहिला होता. तिलाही मूल नव्हतं. पन्नासच्या दशकाआधीची गोष्ट, तिच्या सासूने तिलाच सवत शोधायला धाडलं होतं. परतताना रिक्षात ती म्हणाली, “हिला गाडीत तरी बसायला मिळालं. मी बाहेर चपलांपाशी बसले होते.” तोवर आमच्या घरात हा विषय कुणी काढला नव्हता. त्यानंतर आत्या रात्री उशिरापर्यंत बोलत राहिली. आमच्या आत्याला बोलतं करणारा दिग्दर्शक एका ओळीत उरकला, याचा मला राग आला आहे.

जाता जाता आणखी एक. छायाचित्रातले गृहस्थ मेहरजुई नाहीत, ‘द काऊ’मधले इंतेजामी आहेत. गेल्या काही महिन्यांत तुमच्या पुरवणीत चुकीच्या फोटोओळी वारंवार दिसतात. निदान ही दुरुस्ती तरी आतल्या पानाच्या कोपऱ्यात न टाकता त्याच जागी छापावी.

आपली,
एक जुनी वाचक, सांगली