तिथीची पाऊणपट आणि दोन चंद्र: एका मुद्रितशोधक काकांचे आभार

तीर्थस्वरूप काकांस,
साष्टांग नमस्कार.

आमच्या काल्पनिक जगाच्या कादंबरी-मालिकेचे तीन खंड छापून झाले. ऋणनिर्देशात नाव घालायचं नाही, अशी तुमची ताकीद होती. ती पाळून हे पत्र नावाशिवाय आणि सगळ्यांसमोर लिहितो आहोत. ठाण्यात आणि खाडीपलीकडे नवी मुंबईत काल्पनिक जगाच्या मोठ्या कादंबऱ्या लिहायला घेतलेले बरेच जण आहेत. आभार मानायचे तर तुमच्या लाल पेन्सिलीने काय काय केलं तेच नीट सांगावं, म्हणजे त्यांनाही उपयोग होईल. शुद्धलेखन बघायला दिलेल्या बाडासोबत तुम्ही तीन वह्या परत पाठवल्यात: अंतराची, बातमीची आणि संबोधनाची. आमचं जग उभं आहे ते या तीन वह्यांवर.

आधी खाडी. पहिल्या खंडात शत्रूचं आरमार अष्टमीला भर दुपारी, तुडुंब भरलेल्या खाडीतून राजधानीवर येत होतं. समासात तुमची खूण होती, "आठाची पाऊणपट सहा. बाराला इथे चिखल." चेंदणी कोळीवाड्यात वाढलेल्या माणसाला हे पाठच असतं. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. अष्टमीला सकाळ-संध्याकाळ सहाच्या सुमाराला पाणी भरतं, म्हणजे दुपारी बाराला पूर्ण ओहोटी. चंद्र रोज साधारण ५० मिनिटं उशिरा येतो, म्हणून भरतीही रोज तेवढी मागे पडते, हे कारणही तुम्ही खाली लिहून दिलंत. शिवाय अष्टमी म्हणजे भांगाची भरती, पाणी चढणार तेही बेताचंच. अवजड गलबत तिवरांच्या कडेला गाळात रुतणार आणि पुढचं पाणी येईपर्यंत काठावरच्या तिरंदाजांसमोर कलंडून पडणार. हल्ला अमावास्येच्या मध्यरात्रीवर नेला. काळोख मिळाला, उधाण मिळालं, आणि पाणी उतरायच्या आत परतायचं आहे हे सेनापतीला माहीत असल्यामुळे त्याच्या प्रत्येक हुकुमात घाई आली. ती घाई आम्हाला वेगळी लिहावी लागली नाही.

याच खाडीने आमचा दुसरा चंद्रही सरळ केला. दर सात वर्षांनी दोन्ही चंद्र एका रेषेत येतात आणि महापूर येतो, अशी आमची कल्पना होती. तुमचं म्हणणं असं की भरतीची ओढ चंद्राच्या वस्तुमानावर आणि अंतराच्या घनावर ठरते. तेवढाच चंद्र दुप्पट लांब ठेवला तर ओढ निम्मी होत नाही, आठवा हिस्सा उरते. आमचा दुसरा चंद्र तर लहानही होता आणि लांबही. त्याच्याने पूर येणं शक्य नाही. त्याला जवळ आणावं, तर पाऊणपटीचा आडाखाच मोडतो आणि खाडीकाठच्या लोकांचं सगळं शहाणपण नव्याने लिहावं लागतं. म्हणून तुम्ही सुचवलंत की पाण्याचं काम पहिल्याकडे राहू द्या, दुसऱ्याला हिशेबाचं द्या. आता त्या जगात कर्जाच्या मुदती, जमिनीच्या खंडाचे हप्ते आणि वेठीचे दिवस त्याच्यावर मोजतात. लोक त्याला सावकाराचा चंद्र म्हणतात, आणि तो उगवला की घरातली बाई दार लोटून घेते. पुरापेक्षा हे फार चांगलं झालं.

अंतराच्या वहीतलं एक गणित इथे पूर्ण मांडतो, कारण काल्पनिक युद्धं बहुतेक वेळा इथेच फसतात. आमची फौज १०,००० पायदळ आणि २,००० घोडेस्वारांची. ओसाड पठारावरून १२ दिवसांत ६०० किलोमीटर. तुमचा हिशेब असा: माणशी रोज एक किलो धान्य म्हणजे १०,००० किलो. घोड्याला चार किलो दाणा म्हणजे ८,००० किलो. रोजचे १८,००० किलो. एका बैलाच्या पाठीवर गोणी धरली १०० किलोची, तर एका दिवसाच्या पोटाला १८० बैल. लादलेला बैल चरत चरत दिवसाला पंधरा किलोमीटर काढतो, आणि फौज आपल्या धान्यापुढे पळू शकत नाही. १२ दिवसांचे २० केले तरी ३०० किलोमीटरच होतात आणि बैल लागतात ३,६००. पुढे पेन्सिलीने "चारा?" एवढंच. ओसाड पठारावर चारा नाही, म्हणजे मार्गच चुकला होता. मजल दरमजल हा शब्द आपण सहज वापरतो. मजल म्हणजे एका दिवसाची चाल, आणि ती बैल ठरवतो.

फौज नदीकाठाने वळवली, अंतर ३०० वर आणलं. पण वहीत पुढे आणखी एक ओळ होती. अरुंद वाटेवर बैल एकामागे एक, दर बैलाला तीन मीटर, म्हणजे तांडा जवळजवळ ११ किलोमीटर लांब. पहिला बैल पाण्यावर पोचतो तेव्हा शेवटचा साडेतीन तास मागे असतो. दुसऱ्या खंडातला छापा याच ओळीतून निघाला. गनीम फौजेच्या वाटेलाच जात नाही. तांड्याची शेपटी दिवस मावळताना कापतो आणि चौथ्या दिवशी फौज उपाशी पोटी परत फिरते.

घाटाबद्दलही थोडक्यात सांगतो. घाटाखाली पाऊस आणि भात, घाटावर पर्जन्यछाया आणि बाजरी. आमची पात्रं घाट चढून गेली तरी भातच जेवत होती. ताट बदलल्यावर वाचकाला प्रदेश बदलल्याचं वर्णनाशिवाय कळलं.

पिकांवरून आमच्यात वाद झाले, ते तुम्ही एका वाक्यात मिटवलेत: "वस्तू तपासा, शब्द सोडा." मिरची, बटाटा, मका, तंबाखू ही महासागरापलीकडून आलेली पिकं, आणि आमच्या जगात तो महासागर अजून कुणी ओलांडलेला नाही. म्हणून स्वयंपाकघरात मिरी, पिंपळी आणि आलं आलं. पण चावी आणि पगार हे शब्द पोर्तुगीजांकडून आलेले म्हणून उपटायचे नाहीत. ठाणं १७३७ पर्यंत त्यांच्याकडे होतं, ते शब्द आता आपलेच आहेत. सगळे परके शब्द गाळलेली मराठी कुणी बोलत नाही, आणि तशा भाषेतलं जग जिवंत वाटत नाही. आम्हाला हे मनापासून पटलं.

आता निवेदन. सगळ्यांत मोठं ऋण इथलं आहे.

एक प्रकरण एकाच्या नजरेतून लिहायचं, हे आम्ही ठरवलं होतं आणि पानोपानी मोडत होतो. तुम्ही भीती वाटली, राग आला, थंडी वाजली, आठवण झाली असं प्रत्येक क्रियापद गोल केलंत. अमक्याला असं वाटलं हे मराठीत साध्या भूतकाळात लिहिलं की लेखक त्या माणसाच्या आत शिरलेला असतो. ते फक्त नजर ज्याची, त्याच्यासाठी. पहारेकऱ्याच्या प्रकरणात "राणीला भीती वाटली" चालत नाही. "वाटली असावी" चालेल, पण पानात दोनदाच. त्याहून जास्त झालं की पहारेकरी गोंधळलेला दिसतो. बाकी ठिकाणी दिसेल तेवढंच लिहायचं. तुम्ही सुचवलेला बदल असा: "राणीने पत्र दुमडलं. मग उघडलं, आणि पहिल्याच घडीवर पुन्हा दुमडलं." भीती हा शब्द गेला आणि भीती आली.

तीन आघाड्यांवरचं युद्ध सांगायचं कुणी, यावर तुम्ही महाभारताकडे बोट दाखवलंत. संजय सगळं बघू शकतो, पण त्याला दिव्यदृष्टी मिळाल्याचं आधी सांगून ठेवलेलं आहे. आणि तो दहाव्या दिवशी येऊन आधी भीष्म पडल्याचं सांगतो, मग पहिल्या दिवसापासून सुरुवात करतो. आमचा किल्ला पडल्याचं तुम्ही तसंच एका मिठागरवाल्याच्या तोंडी एका वाक्यात आणवलंत. पुढची सहा प्रकरणं तो कसा पडला याची. त्याची अटही घातलीत: शेवट सांगून झाला की "किल्ला वाचेल का?" असली खोटी उत्कंठा दाखवायची नाही. अशी एकोणीस वाक्यं गेली.

बातमीच्या वहीत प्रत्येक पात्रासमोर कोणती गोष्ट कोणत्या दिवशी कळली हे लिहिलेलं. पायी जासूद दिवसाला ५० किलोमीटर धरला, तर ३०० किलोमीटरवरचा पराभव सहाव्या दिवशी कळणार. आमची राणी दुसऱ्याच दिवशी पांढरं नेसली होती. पानिपतची लढाई १४ जानेवारी १७६१ची, आणि पेशव्यांपर्यंत ती सांकेतिक चिठ्ठीतून पोचायला दिवस लागलेच. मधल्या चार दिवसांत राणी विजयाची तयारी करते, त्या प्रकरणाचा विषय आता वाचक सर्वांत जास्त काढतात.

संबोधनाच्या वहीत एकेचाळीस पात्रांचा तक्ता: कोण कुणाला तू, कुणाला तुम्ही, कुणाला आपण. तिसऱ्या खंडात सरदार युवराजाला पहिल्यांदा "तू" म्हणतो, तेच बंड. पण पहिल्या खंडात तोच "तू" नजरचुकीने दोनदा पडून गेला होता, म्हणजे बार आधीच उडाला होता. ही सोय मराठीत मुळातच आहे. ती वाया घालवणं पाप.

बोलीबद्दल तुमचा आग्रह असा की खाडीकाठच्या लोकांना ण-चा न आणि ळ-चा ल, एवढ्या दोनच खुणा कटाक्षाने द्या आणि वाक्यं पूर्ण द्या. "ही माणसं भरती ओळखतात, मग त्यांची वाक्यं अर्धवट का?" हे तुमचं टिपण आम्ही भिंतीवर लावलं आहे.

आमच्या जगातल्या जादूचा, म्हणजे सिद्धीचा, हिशेबही तुम्हीच मांडायला लावलात. आग बोलवायची तर उष्णता जवळच्या पाण्यातून येते. एक किलो सुक्या लाकडाएवढी आग हवी असेल तर तीसेक लिटर पाणी गोठतं, म्हणजे दोन हंडे. ही किंमत वाचकाने पहिल्या खंडात घरगुती प्रसंगात बघितलेली आहे, म्हणून तिसऱ्यात वेढ्यातली विहीर गोठते तेव्हा कुणी फसवल्यासारखं वाटून घेत नाही.

चौथ्या खंडाचं बाड रविवारी सकाळी नौपाड्यात आणून देतो. खाडीच्या प्रत्येक प्रसंगाशेजारी या वेळी तिथी समासात लिहिली आहे. बाराव्या प्रकरणात षष्ठीला पहाटे साडेचारला होड्या सुटतात. तेवढं आधी बघा.

आपले नम्र,
चौघे लेखक, ठाणे