हप्ता चुकायच्या आधी कळवूनही बाउन्स लावला, होम लोनच्या अर्जाला अजून उत्तर नाही

मॅनेजर साहेब, तक्रार निवारण विभाग,

लोन अकाउंट नंबर मेलच्या विषयात टाकलाय. लोन मिस्टरांच्या आणि माझ्या नावावर जॉइंट आहे, मोशीतल्या वन बीएचकेवर, 2021 चं. या जूनपर्यंत एकही हप्ता चुकलेला नाही, तुमच्याच सिस्टीममध्ये बघा.

18 जूनला मिस्टरांचा तळेगाव-चाकण रोडवर गाडीवरून अपघात झाला, पायात रॉड टाकलाय, डॉक्टरांनी तीन महिने पाय टेकवायचा नाही म्हणून सांगितलं. ते चाकणला कंपनीत आहेत, शिल्लक रजा पंधरा दिवसांत संपली, पुढचं सगळं बिनपगारी. घरात माझे 18 हजार येतात आणि हप्ता 24,300 चा आहे. म्हणून मी हप्ता चुकायची वाट न बघता 26 जूनलाच ब्रांचला येऊन अर्ज दिला, की जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर हे तीन हप्ते पुढे ढकला, ऑक्टोबरपासून रेग्युलर सुरू करतो. सोबत डिस्चार्ज कार्ड, कंपनीचं रजेचं पत्र, दोघांच्या सॅलरी स्लिपा, सगळं जोडलं. काउंटरवरच्या मॅडमनी झेरॉक्सवर शिक्का मारून दिला, शाई ओली होती म्हणून तारीख थोडी पसरलीय पण 26 स्पष्ट वाचता येते, फोटो जोडलाय. "होऊन जाईल, वर पाठवते" म्हणाल्या.

5 जुलैला एनएसीएच, म्हणजे हप्त्याची खात्यातून आपोआप होणारी कपात, लागलं आणि पैसे नसल्याने बाउन्स झालं. 8 तारखेला परत लावलं, परत बाउन्स. 5 ऑगस्टला तिसऱ्यांदा. प्रत्येक वेळी 500 अधिक जीएसटी असे 590, म्हणजे तुमचेच 1,770 झाले, माझ्या सॅलरी अकाउंटवाल्या बँकेने कापले ते वेगळेच. अर्ज तुमच्याकडे पडलेला असताना अकाउंटला पैसे नाहीत हे माहीत असून एनएसीएच लावायचं कारण काय ते मला कळवा. मधल्या काळात निदान दहा हजार तरी भरावे म्हणून ॲपवर प्रयत्न केला तर ते पूर्ण हप्त्याशिवाय घेतच नाही.

ब्रांचला दुसऱ्यांदा गेले तेव्हा सांगितलं की मोरेटोरियम, म्हणजे हप्ते पुढे ढकलायची सवलत, कोविडमधलं होतं, संपलं ते. मला माहितीये ते. रिझर्व्ह बँकेने 2020 मध्ये मार्च ते ऑगस्ट अशी सगळ्यांना सवलत दिली होती, ती आता नाही. पण मी ती मागतच नाहीये, फक्त आमच्या अकाउंटचा तुमच्या पॉलिसीप्रमाणे निर्णय मागतेय, रिस्ट्रक्चर, म्हणजे हप्त्यांची नव्याने मांडणी, म्हणा नाहीतर अजून काही म्हणा. आणि मी फुकटही मागत नाहीये. बाकी साडेपंचवीस लाखाच्या आसपास आहे, साडेआठ टक्क्याने महिन्याला 18 हजार नुसतं व्याज होतं, तीन महिन्यांचं 54 हजाराच्या वर जातं, ते मुद्दलात धरून हप्ता तेवढाच ठेवला तर लोन संपायला जवळजवळ वर्षभर जास्त लागतं. तीन हप्त्यांच्या बदल्यात शेवटी बारा. रात्री बसून मी हा हिशोब केलाय आणि तरीही मला तो मंजूर आहे, कारण आत्ताचे तीन महिने निघणं गरजेचं आहे.

2022 ते 23 मध्ये रेपो रेट, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो, चार टक्क्यांवरून साडेसहावर गेला तेव्हा आमची मुदत तुम्ही परस्पर वाढवलीत, आम्हाला फक्त एक मेसेज आला. तेव्हा ना फॉर्म लागला ना शिक्का. आता आम्ही कागद घेऊन दारात उभे आहोत तर दीड महिन्यात हो पण नाही आणि नाही पण नाही.

आणि सगळ्यात जास्त लागलं ते 9 ऑगस्टचं. तुमचा रिकव्हरीवाला संध्याकाळी साडेसातला घरी आला, खरं तर सातनंतर फोनसुद्धा करायचा नाही असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. मिस्टर कॉटवर, पाय उशीवर, त्यांना उठता येत नाही, ते आतूनच म्हणतायत अहो अर्ज दिलाय. त्याला अर्जाचं काहीच माहीत नव्हतं. सासूबाई त्याला बसा म्हणाल्या, तर त्याने उभ्या उभ्या दारावरच्या नेमप्लेटचा मोबाईलमध्ये फोटो काढला आणि गेला. समोरच्यांचं दार उघडं होतं. सासूबाई त्या रात्री जेवल्या नाहीत. आम्ही काय पळून चाललो होतो का, आम्हीच तर आधी येऊन सांगितलं होतं.

मला पुढच्या गोष्टी हव्यात. 26 जूनच्या अर्जावर लेखी निर्णय, नाकारणार असाल तर कारणासकट, आणि तो लवकर, कारण हप्ता थकून 90 दिवस उलटले की अकाउंट एनपीए, म्हणजे बुडीत धरलं जाणारं, होतं आणि मग आमच्या हातात काही राहत नाही. अर्जानंतर लावलेले 1,770 परत करा. सिबिलला, म्हणजे कर्जफेडीची नोंद ठेवणाऱ्या कंपनीला, या दोन महिन्यांचं काय कळवलंय ते सांगा आणि अर्ज मंजूर झाला तर ते दुरुस्त करून पाठवा. निर्णय होईपर्यंत घरी माणूस पाठवू नका, फोन करायचा तर माझ्या नंबरवर करा, दिवसा, मी उचलते.

हा मेल मिळाल्यापासून 30 दिवसांत उत्तर आलं नाही तर मी रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाणार आहे, कागद तयार आहेत. पण माझी इच्छा ती नाहीये. पुढचं एनएसीएच 5 सप्टेंबरला लागेल, निदान ते तरी आधी थांबवा.

सोबत: शिक्क्याच्या अर्जाचा फोटो, डिस्चार्ज कार्ड, रजेचं पत्र, बाउन्सचे तीन मेसेज.

आपली खातेदार