एका बाळासाठीही बीसीजीची कुपी उघडा: सार्वजनिक आरोग्यमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. सार्वजनिक आरोग्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

विषय: नवजात बाळांना दवाखान्यातून सुट्टी होण्याआधी बीसीजी मिळण्याबाबत, तसेच प्रौढांच्या बीसीजीविषयी लोकांना नेमकी माहिती देण्याबाबत

महोदय,

बीसीजी ही क्षयरोगावरची (टीबीवरची) लस जन्मल्यावर शक्य तितक्या लवकर द्यावी, असे राष्ट्रीय लसीकरण वेळापत्रक सांगते. राहून गेली तर वर्षाच्या आत द्यावी, अशी मुभाही त्यात आहे. ही मुभा चुकलेल्या बाळांसाठी होती. अनेक ठिकाणी आता तोच नियम होऊन बसला आहे. बाळंतीण तिसऱ्या दिवशी घरी जाते. बाळाला पोलिओचे थेंब मिळालेले असतात, मांडीत हिपॅटायटिस-बीची सुई दिलेली असते, पण कार्डावर बीसीजीचा रकाना कोराच असतो. 'बुधवारी घेऊन या' किंवा 'दीड महिन्याच्या लसीबरोबर देऊन टाकू' असे सांगून घरच्यांना वाटेला लावतात. आम्ही लसीकरणाच्या आणि क्षयरोगाच्या कामातली माणसे आहोत, आणि हे पत्र त्या कोऱ्या रकान्यासाठी लिहीत आहोत.

याचे कारण कुपीत आहे. बीसीजीची कुपी दहा डोसांची येते. आतली कोरडी लस सोबतच्या १ मिली सलाइनमध्ये विरघळवली की ती चार तासांत वापरायची आणि उरेल ती टाकायची. पाच रोगांवरच्या पेंटाव्हॅलंट लशीची उघडलेली कुपी नियम पाळून २८ दिवसांपर्यंत चालते. बीसीजीला ती सवलत नाही आणि देताही येणार नाही. आत जिवंत जंतू असतात आणि विरघळवल्यावर ते तासागणिक मरू लागतात. शिवाय कुपीत जंतुरोधक नसल्यामुळे बाहेरचा एखादा जंतू शिरला तर तो त्याच कुपीत वाढतो. म्हणून दिवसाला एक-दोन बाळंतपणे होणाऱ्या ग्रामीण रुग्णालयात परिचारिकेपुढे रोज एकच प्रश्न असतो: एका बाळासाठी कुपी फोडून नऊ डोस टाकायचे, की आठ-दहा बाळे जमेपर्यंत थांबायचे? मासिक आढाव्यात तिला नासाडीचा टक्का विचारतात. बीसीजी न घेता किती बाळे घरी गेली, हे विचारत नाहीत. मग ती थांबते. तिचा दोष नाही, तिच्याकडून मागितले जाणारे उत्तरच चुकीचे आहे.

खरे तर या नासाडीची तरतूद नियोजनातच आहे. बीसीजीची मागणी ठरवताना ५० टक्के नासाडी गृहीत धरतात, म्हणजे लाभार्थ्यांच्या दुप्पट डोस मागवतात, आणि त्यावर पाव भाग राखीव साठा. वर्षाला ३,००० जन्म असलेल्या तालुक्याचा हिशोब पाहा. महिन्याला २५० बाळे, दुप्पट केले की ५०० डोस, राखीव धरून ६२५, म्हणजे ६३ कुप्या. लहान बाळंतपण केंद्रे जास्त असलेल्या तालुक्यात नासाडी ५० टक्क्यांच्या वर जाईल. तिथे अडीचपट किंवा तिप्पट मागणी मंजूर व्हायला हवी, आणि त्यासाठी कोणाकडूनही खुलासा मागितला जाऊ नये. सगळ्यात स्वस्त लशींपैकी ही एक आहे. मात्र नुसत्या कुप्या वाढवून काम होत नाही. प्रत्येक कुपीमागे त्याच उत्पादकाचे एक सलाइन आणि विरघळवण्यासाठी एक वेगळी सिरिंज गेली पाहिजे. कुप्या पोहोचतात आणि सलाइन मागे राहते, हा प्रकार जिल्ह्याच्या भांडारापासून उपकेंद्रापर्यंत कुठेही होऊ शकतो. अशा वेळी गोवर-रुबेलाच्या लसीसाठी आलेले पाणी बीसीजीत घातले जाण्याचा धोका असतो. त्या पाण्याने टोचलेल्या जागी दाह होतो.

लवकर द्यायची घाई कशासाठी, हे एकदा स्पष्ट लिहायला हवे. बीसीजी फुप्फुसाच्या टीबीपासून मोठ्या माणसाला भरवशाचे संरक्षण देत नाही. तिचे खरे काम तान्ह्या मुलांना टीबीच्या मेंदूज्वरापासून आणि रक्तावाटे अंगभर पसरणाऱ्या मिलियरी टीबीपासून वाचवण्याचे आहे. या दोन प्रकारांविरुद्ध तिचे संरक्षण ७० टक्क्यांहून अधिक आहे. वर्षाच्या आतल्या बाळाला संसर्ग झाला आणि प्रतिबंधक औषध मिळाले नाही, तर जवळपास निम्मी बाळे आजारी पडतात, आणि १० ते २० टक्क्यांना हेच दोन प्रकार होतात. मेंदूज्वराचा उपचार साधारण बारा महिन्यांचा असतो. त्यातून वाचलेल्या मुलांपैकी कित्येकांच्या वाट्याला फिट्स, बहिरेपण, डोक्यात पाणी साठणे आणि ते काढायला बसवलेली नळी येते. बाळाला संसर्ग बहुधा घरातल्याच खोकणाऱ्या माणसाकडून होतो. लस अंगी लागायला काही आठवडे जातात. म्हणजे आजोबांच्या किंवा काकाच्या खोकल्याचे निदान होण्याआधीच बाळाच्या दंडात लस गेलेली असायला हवी. दीड महिना थांबणे म्हणजे बाळाला नेमक्या नाजूक दिवसांत उघडे ठेवणे.

आपल्या राज्यात या थांबण्याला आणखी एक बाजू आहे. पहिले बाळंतपण माहेरी होते आणि दोन-तीन महिन्यांनी बाळ दुसऱ्या जिल्ह्यात जाते. बीड, अहिल्यानगर, जालना भागातली ऊसतोड कुटुंबे दिवाळीच्या आसपास घर सोडतात ती उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. मेळघाट आणि नंदुरबारमधूनही माणसे कामासाठी बाहेर पडतात. ज्या बाळाला 'पुढच्या बुधवारी' सांगितले, ते त्या बुधवारी कोणत्या तळावर असेल हे कोणालाच माहीत नसते. दवाखान्यात असतानाच ते हाताशी असते.

म्हणून आमची मुख्य मागणी एका ओळीच्या लेखी आदेशाची आहे: जिथे बाळंतपण होते तिथे सुट्टीआधी बीसीजी द्यावी, त्यासाठी एका बाळाकरताही कुपी उघडावी, आणि नासाडीबद्दल कोणाला जबाबदार धरू नये. दिवसाला पाचाहून अधिक बाळंतपणे होतात तिथे रोज ठरलेल्या वेळी, समजा सकाळी अकराला, एक कुपी उघडली तर नासाडी आपोआप कमी होते. रविवार आणि सणांची सुट्टी त्यातून वगळू नये. खासगी प्रसूतिगृहांना सरकारी लस, सलाइन आणि सिरिंज मिळण्याची सोय प्रत्येक नगरपालिकेने करावी. तिथे जन्मणारी बाळे मोजणीतून निसटतात. यू-विन या लसीकरणाच्या सरकारी ऑनलाइन नोंदणीत जन्माची तारीख आणि बीसीजीची तारीख दोन्ही नोंदतात. त्यांतले अंतर दर महिन्याला संस्थानिहाय काढून आढाव्यात मांडा. टक्केवारी विचारायचीच असेल तर ती याची विचारा.

आता टोचण्याविषयी, कारण चांगली लस चुकीच्या खोलीवर गेली की लोकांचा विश्वास जातो. सलाइन आदल्या दिवशीपासून लसीबरोबर २ ते ८ अंशांत ठेवलेले असावे. गरम सलाइनने जंतू मरतात. कुपी जोरात हलवू नये, हळूच फिरवावी, उन्हात ठेवू नये, लेबलवर विरघळवल्याची वेळ लिहावी. जागा डाव्या दंडाची. स्पिरिट लावू नये, त्याने जिवंत लस निकामी होते. कातडी मळकट असेल तर स्वच्छ पाण्याने पुसून कोरडी करावी. कातडी ताणून धरायची, सुईचे तिरके तोंड वर, सुई कातडीशी जवळजवळ समांतर, आणि तोंड पूर्ण आत गेले की थांबायचे. दट्ट्या ढकलताना हाताला अडथळा जाणवला पाहिजे. सहज गेला तर लस कातडीच्या खाली गेली असे समजावे. बरोबर गेली तर पांढुरका फुगवटा येतो, त्यावर संत्र्याच्या सालीसारखे बारीक खड्डे दिसतात, ०.१ मिलीचा फुगवटा साधारण ५ मिलिमीटरचा असतो. महिन्याच्या आतल्या बाळाला मात्र डोस ०.०५ मिलीच. त्याची कातडी इतकी पातळ असते की पूर्ण ०.१ मिली घातले तर ती फाटते किंवा लस खाली उतरते, मग गळू होते आणि काखेत गाठ येते. सिरिंज ०.१ मिलीची आणि डोस त्याच्या निम्मा, इथेच हात चुकतो. जन्मल्याबरोबर लस द्या म्हणताना हा अर्धा डोस प्रत्येक परिचारिकेला हाताने करून दाखवला पाहिजे. पत्रक पाठवून तो जमत नाही.

आयांनाही पुढचे सांगून ठेवावे लागते. दोन-तीन आठवड्यांनी पुळी येते, वाढते, फुटून थोडा पू येतो, आणि सहा ते बारा आठवड्यांत वण ठेवून बरी होते. तिच्यावर हळद, मलम, पावडर काही लावायचे नाही, आंघोळ चालते. वण उठला नाही म्हणून पुन्हा लस द्यायची नाही. जागतिक आरोग्य संघटना आणि आपल्या सरकारी सूचना दोन्ही हेच सांगतात, तरी काही ठिकाणी दुसरा डोस दिला जातोच. काखेत लहान गाठ आली, ती दुखत नाही आणि बाळ नीट खातेपिते, तर वाट पाहावी. तिच्यात पू भरला तर सुईने काढावा, चिरा देऊ नये. चिरा दिलेली जखम महिनोन्महिने वाहते. अशा साध्या गाठीसाठी बाळाला सहा महिने टीबीची औषधे सुरू करणे थांबायला हवे.

लस कोणाला द्यायची नाही किंवा थांबून द्यायची, हेही दवाखान्याच्या भिंतीवर हवे. आधीची भावंडे तान्हेपणी वारंवारच्या जंतुसंसर्गाने गेली असतील तर बाळाला जन्मजात प्रतिकारशक्तीचा आजार असू शकतो. तपासणी होईपर्यंत थांबावे, कारण अशा बाळात लसीतले जंतूच अंगभर पसरतात. एचआयव्हीची लागण ठरलेल्या बाळाला उपचार सुरू होऊन प्रकृती स्थिरावल्याशिवाय लस देऊ नये. आई एचआयव्हीबाधित आहे पण बाळाची लागण ठरलेली नाही आणि ते ठणठणीत आहे, तर द्यावी. वजन अडीच किलोपेक्षा कमी आहे एवढेच कारण पुरेसे नाही; ३१ आठवडे पूर्ण करून जन्मलेले, प्रकृती स्थिर असलेले बाळ लस घेऊ शकते. आईला टीबी असेल तेव्हा मात्र खरा गोंधळ आहे. बाळाला सहा महिने आयसोनियाझिड हे टीबीचे प्रतिबंधक औषध द्यायचे असते. बीसीजी त्यानंतर द्यावी असे जागतिक आरोग्य संघटना सांगते, तर आपल्या राष्ट्रीय क्षयरोग कार्यक्रमाच्या बालक्षयरोगाच्या सूचनांत ती जन्मतःच देता येते असे लिहिले आहे. डॉक्टर बदलला की सल्ला बदलतो. राज्याने तज्ज्ञांना बसवून एकच लेखी सूचना काढावी. वर्ष उलटलेल्या मुलांबाबतही असेच आहे: सरकारी केंद्र नाही म्हणते, बालरोगतज्ज्ञांची संघटना पाच वर्षांपर्यंत देता येते म्हणते.

राहिला प्रश्न मोठ्यांचा. केंद्राने २०२४ पासून निवडक जिल्ह्यांत प्रौढांना बीसीजी देण्याचे काम अभ्यास म्हणून हाती घेतले आणि महाराष्ट्र त्यात आहे. साठीच्या पुढचे, १८ पेक्षा कमी बीएमआय (उंचीच्या मानाने वजनाचा निर्देशांक) असलेले, मधुमेही, धूम्रपान करणारे, पाच वर्षांत टीबी होऊन गेलेले आणि रुग्णाच्या निकट राहिलेले, असे हे सहा गट. अभ्यासाला आमचा विरोध नाही. पण १९६८ मध्ये तमिळनाडूतल्या चेंगलपट्टू भागात सुरू झालेल्या आणि अडीच लाखांहून अधिक लोकांना सामावून घेतलेल्या चाचणीत, पंधरा वर्षे पाठपुरावा करूनही, मोठ्यांच्या फुप्फुसाच्या टीबीपासून बीसीजीने संरक्षण दिल्याचे दिसले नाही. नव्या अभ्यासातून वेगळे काही निघेलही. ते निघेपर्यंत फलकावर 'लस घ्या, टीबी टाळा' असे लिहू नये. संमतिपत्रावर सही घेताना हा अभ्यास आहे, लस घेतली तरी दोन आठवड्यांवर खोकला राहिल्यास थुंकी तपासायची, हे तोंडी सांगावे. गरोदर स्त्री, एचआयव्हीबाधित, कर्करोगाची औषधे किंवा स्टिरॉइड घेणारा माणूस यांना ही जिवंत लस देऊ नये, म्हणून रांगेतल्या प्रत्येकाला आडोशाला घेऊन विचारावे. चारचौघांत कोणी एचआयव्ही सांगत नाही.

आणि रुग्णाच्या घरातल्या माणसांसाठी आज हाताशी असलेला भरवशाचा उपाय लस नाही, प्रतिबंधक औषध आहे. आधी टीबी नाही याची खात्री करायची, मग सहा महिने रोज आयसोनियाझिड, किंवा आयसोनियाझिड आणि रिफापेंटिन आठवड्यातून एकदा असे बारा डोस. आशाताई प्रौढांच्या बीसीजीच्या याद्या करण्यात गुंतल्या आणि त्याच घरातल्या तीन वर्षांच्या मुलाचे हे औषध राहिले, असे होऊ नये. ज्या घरात नवा रुग्ण सापडेल, त्या घरातल्या पाच वर्षांखालच्या प्रत्येक मुलाची तपासणी आणि औषधाची पहिली गोळी सात दिवसांत व्हावी, आणि त्याची नोंद निक्षय या टीबीरुग्णांच्या सरकारी ऑनलाइन नोंदणीत जिल्हा क्षयरोग अधिकाऱ्याने स्वतः पाहावी, एवढा आदेश वरच्या आदेशासोबतच निघावा.

कळावे,
आपले,
लसीकरण आणि क्षयरोगाच्या कामातील काही डॉक्टर, परिचारिका व आरोग्यसेविका