प्रेसवाल्याच्या पोराचा पासपोर्ट

नाशिकरोड,
१८ जानेवारी

प्रिय बंड्या,

सप्रेम नमस्कार.

'बँकॉकला नेमकं काय झालं ते सविस्तर कळव' असं लिहिलंस. फोनवर सांगितलं असतं, पण फोनवर तू मध्येच हसायला लागतोस आणि मग मीही निम्मं गाळून हसण्यावारी नेतो. शिवाय मे महिन्यात तू काकूंना घेऊन व्हिएतनामला निघालायस, तेव्हा यातलं थोडंफार तुझ्या कामाचं आहे. घरात सगळे झोपलेत. बसलोय निवांत.

आता तुला हसून घ्यायचं असेल तर आत्ताच हसून घे. नेहरूनगरच्या क्वार्टर्समध्ये वाढलेला पोरगा, बाप प्रेसमध्ये ३४ वर्षं, त्यातली शेवटची कितीतरी वर्षं पासपोर्टच्या कामावर. अख्ख्या देशाच्या पासपोर्टांची कोरी पुस्तकं आपल्या नाशिकरोडच्या इंडिया सिक्युरिटी प्रेसमधून जातात आणि पासपोर्ट हरवला कुणाचा, तर माझा. ही तर म्हणाली, "पेढेवाल्याच्या घरात साखर नाही."

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही चार घरं मिळून गेलो होतो. शेवटचा शनिवार चातुचाकच्या बाजारासाठी राखून ठेवलेला. हा बाजार शनिवार-रविवारीच पूर्ण भरतो. आपला बुधवारचा बाजार पन्नास वेळा एकाला एक जोडला तर कसा दिसेल, तसा. आत शिरण्याआधी थोडे बाट घ्यायचे म्हणून पैसे बदलायच्या खिडकीत गेलो. तिथं पासपोर्ट दाखवावा लागतो. दाखवला. पैसे घेतले, दोनदा मोजले. बघ, बापाची सवय अंगात आहे, नोटा दोनदा मोजल्या! आणि पासपोर्ट? तो मी खांद्यावरच्या कापडी पिशवीच्या बाहेरच्या कप्प्यात सारला असणार. 'असणार' म्हणतोय, कारण तिथून पुढं तीन तास मला त्याची आठवणच नाही. धाकटीला नारळाचं आइस्क्रीम घेताना सुटे शोधायला हात घातला तर कप्पा रिकामा.

चोरला की पडला, अजून ठाऊक नाही. त्या खिडकीपर्यंत परत गेलो, प्रत्येक दुकानात हातवारे करून विचारलं. एका म्हाताऱ्या बाईनं तर मला काही विकत घ्यायचंय असं समजून चामड्याची पासपोर्टची कव्हरं काढून दाखवली.

आमचं विमान रविवारी रात्री. आणि वकिलात शनिवार-रविवार बंद. वकिलातीच्या तातडीच्या नंबरवर फोन लावला, उचलला. समोरचा माणूस शांतपणे म्हणाला, आधी पोलिसांत तक्रार नोंदवा, त्याची प्रत घ्या आणि सोमवारी सकाळी या. आवाज असा की जणू रोज दहा जणांना हेच सांगतो. सांगतही असेल.

पासपोर्टची झेरॉक्स होती का? होती ना. पासपोर्टच्याच कव्हरमध्ये, नीट घडी घालून ठेवलेली. आता हस.

वाचवलं ते कॉलेज रोडवरच्या ट्रॅव्हल एजंटच्या पोरानं. दोन महिन्यांपूर्वी तिकिटासाठी त्याला व्हॉट्सअ‍ॅपवर पासपोर्टचा फोटो पाठवला होता. माझ्या मोबाइलमधून मी तो कधीच उडवलेला. दिवाळीच्या सुट्टीत त्याला गाठलं, त्यानं शोधून परत पाठवला. पण फोटो हलका, कडेला धूसर. त्या फोटोनं मला तारलं आणि त्यानंच एक दिवस बुडवला, ते पुढं येईल.

तिथं पर्यटकांसाठी वेगळे पोलीस आहेत, ११५५ नंबर. इंग्रजी बोलणारं माणूस मिळतं. त्यांनी जवळच्या चौकीत धाडलं. चौकीतला पोलीस माझ्यापेक्षा लहान, एका बोटानं टाइप करणारा. आपलं नाव, बापाचं नाव, आडनाव हे त्रांगडं त्याला समजावताना माझी अर्धी शक्ती गेली. तो आप्पांच्या नावालाच माझं आडनाव समजत होता. शेवटी कागद निघाला तो थाई लिपीत, मध्येमध्ये माझं नाव आणि पासपोर्टचा नंबर तेवढा इंग्रजीत. एक अक्षर, पुढं सात आकडे. मी आपला खूश.

रविवारी सकाळी घरी फोन केला. आप्पांना न सांगून चाललं नसतं, मंडळी मुंबईहून परत येणार आणि मी नसणार. मला वाटलं, काळजी करतील, पैसे आहेत का विचारतील. आप्पांचा पहिला प्रश्न: "नंबर काय होता?" मी सांगितला. त्यांनी तो लिहून घेतलेला मला ऐकू आला, खरंच, कागदावर पेन चाललेलं. मग म्हणाले, "ते पुस्तक तुझं नव्हतं. सरकारचं होतं. मागं बारीक अक्षरात छापलेलं असतं, वाचलंयस कधी?" मी म्हटलं, नाही. "मग आता कसं वाचणार," म्हणाले आणि फोन आईकडे दिला.

तुला आठवतंय ना, लहानपणी आपण विचारायचो, आप्पा आज काय छापलं? आणि ते म्हणायचे, 'कागद.' एवढंच. रोज गेटवर अंगझडती देऊन बाहेर पडणारी माणसं ती. तुझे बाबा तर नोटांच्या प्रेसमध्ये, त्यांनी 'कागद' एवढंही कधी सांगितलं नाही.

रविवारी रात्री हिला आणि धाकटीला बाकीच्यांबरोबर विमानतळावर सोडलं. धाकटी रडली नाही, मलाच कसंतरी झालं. जाताना हिनं चिवड्याचा उरलेला पुडा माझ्या हातात दिला. आपला नाशिकचा, कांद्यालसणाचा. म्हणाली, "उपाशी राहू नका आणि हा तरी हरवू नका."

सोमवारी सात वाजताच सुखुमवित रस्त्यावरच्या सोई २३ मध्ये (सोई म्हणजे गल्ली) आपल्या वकिलातीसमोर उभा होतो. आपल्या माणसांची रांग बघूनच निम्मं बरं वाटलं. माझ्यामागं नागपूरचा एक पोरगा होता, पाठीवर बॅग, त्याचा पासपोर्ट बसमध्ये गेलेला. त्याला पुढं हनोईला जायचं होतं, हॉटेलचे पैसे भरून झालेले. तुझ्या व्हिएतनामचं नाव निघाल्यापासून मला तोच आठवतोय. त्याला खिडकीतून जे सांगितलं ते नीट ऐक. अशा वेळी जो कागद तातडीनं मिळतो तो पासपोर्ट नव्हे, त्याला इमर्जन्सी सर्टिफिकेट म्हणतात. १९६७ च्या पासपोर्ट कायद्यातच त्याची सोय आहे. त्यावर एकच प्रवास होतो: भारतात परत. हनोई नाही, सिंगापूर नाही, सरळ घरी. पुढं फिरायचं असेल, शिकायला-नोकरीला थांबायचं असेल तर नवा पासपोर्टच मागावा लागतो. कधी कधी वर्षभरासारख्या कमी मुदतीचाही देतात, पण त्यासाठी आपल्याकडच्या पासपोर्ट कार्यालयाकडून खात्री करून घेतात आणि तोवर थांबणं आलं. पोरानं दहा मिनिटं वाद घातला, मग बाहेर पायरीवर बसून राहिला. त्याला चिवडा दिला. "थोडा तिखट हाय," म्हणाला, आणि अर्धा पुडा संपवला. नागपूरकर.

माझी पाळी आली. खिडकीतल्या बाई नम्र पण कामाच्या. त्यांनी मला एकच प्रश्न दोनदा विचारला: "सगळ्या बॅगा पुन्हा बघितल्यात ना? एकदा मी इथं हरवल्याची नोंद केली की ते पुस्तक रद्द. नंतर गादीखाली सापडलं तरी त्यावर प्रवास करता येणार नाही." बंड्या, मी हो म्हणायला अडखळलो. बॅगा चारदा उलट्यापालट्या करून झाल्या होत्या, तरी. तोवर तो हरवलेला होता, आता मी त्याला मारत होतो असं काहीतरी वाटलं. म्हटलं, करा.

त्यांनी नंबर टाकला, स्क्रीनकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. म्हणाल्या, "हा तर एका बाईंचा पासपोर्ट आहे."

तो धूसर फोटो! शेवटून दुसरा आकडा ३, मी चौकीत सांगितला ८. घरी आप्पांनाही मी ८ च सांगितला होता. आता पोलिसांचा कागद दुरुस्त करून आणल्याशिवाय पुढं काही नाही, आणि ते बरोबरच होतं. परत चौकी. तो एका बोटाचा पोलीस सुट्टीवर, दुसऱ्याला सगळं पहिल्यापासून. सोमवार गेला.

मंगळवारी सकाळी पुन्हा रांग. अर्ज, पांढऱ्या पार्श्वभूमीचे फोटो, कसा हरवला त्याचं लेखी निवेदन, दुरुस्त केलेली तक्रार, त्या फोटोची प्रिंट, आधार कार्ड, परतीचं तिकीट. संध्याकाळी कागद हातात आला. माझा फोटो, त्यावर शिक्का. फोटोत मी तीन दिवस न झोपलेला माणूस दिसतो, आणि तसा होतोच.

वाटलं, सुटलो. कुठलं! देशात शिरल्याचा शिक्का हरवलेल्या पुस्तकात होता. म्हणजे थायलंडच्या दृष्टीनं मी आलोच नव्हतो, मग जाणार कसा? त्यासाठी बुधवारी चेंग वत्तनाच्या सरकारी संकुलात, शहराच्या उत्तर टोकाला. तिथल्या इमिग्रेशनच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर माझ्या येण्याची नोंद शोधली आणि नव्या कागदावर शिक्का मारला. हे कुणी आधी सांगत नाही बघ. लोक वकिलातीतून थेट विमानतळ गाठतात आणि तिथं अडकतात. मला त्या नागपूरच्या पोरानं सांगितलं होतं. चिवडा कामी आला.

त्यानंच आणखी एक सांगितलं: या कागदाची झेरॉक्स काढून ठेव, मुंबईत काढून घेतात. आणि तसंच झालं. मुंबईत उतरल्यावर मला बाजूला बसवलं. एक अधिकारी आले, मराठीच. कुठं राहता? नाशिकरोड. नाशिकरोडला कुठं? प्रेसच्या बाजूला. वडील काय करायचे? सांगितलं. त्यांनी पेन खाली ठेवलं. "म्हणजे जिथं पासपोर्ट छापतात तिथं राहता, वडील छापायचे, आणि तुम्ही हरवला." शेजारच्या टेबलावरचेही हसले. कागद त्यांनी ठेवून घेतला, मला सोडलं. कसाऱ्याचा घाट चढताना गाडीत झोप लागली ती थेट नाशिकच्या द्वारका चौकात जाग आली.

घरी आलो. आई ओवाळायला निघाली होती, आप्पा म्हणाले, "कागद दाखव." म्हटलं, मुंबईत घेतला, झेरॉक्स आहे. त्यांनी ती घेतली, उठून ट्यूबलाइटखाली गेले आणि दोन्ही हातांनी उजेडासमोर धरली. वॉटरमार्क बघायला! झेरॉक्समध्ये! मग स्वतःच्याच लक्षात आलं असावं. खाली केली, घडी घातली आणि माझ्या हातात देताना म्हणाले, "अंगठा लावून कागद कळतो. हिच्यात काय कळणार."

ती झेरॉक्स मात्र कामाला आली. नव्या पासपोर्टच्या अर्जात प्रश्नच असतो, इमर्जन्सी सर्टिफिकेटवर कधी परत आला होतात का? त्याचा नंबर, तारीख, कुठून दिलं, का दिलं. झेरॉक्स नसती तर हे आठवून कुणी लिहिणार होतं? सोबत हरवल्याचं प्रतिज्ञापत्र, बँकॉकच्या पोलिसांचा तो थाई कागद. फी साध्या नूतनीकरणाच्या दुप्पट, ३००० रुपये, ३६ पानांच्या पुस्तकाला. नाशिकच्याच सेवा केंद्रात ए, बी, सी अशी तीन काउंटरं फिरलो. पोलीस पडताळणीला आलेल्या हवालदारांना आईनं चहा दिला, आप्पांनी अर्धा तास प्रेसच्या गोष्टी सांगितल्या. म्हणजे 'कागद' या एका शब्दावर अर्धा तास.

परवा स्पीड पोस्टानं पासपोर्ट आला. इथूनच कोरा गेलेला, नाव-फोटो लावून इथंच परत. कव्हरवर खाली ती नवी बारकी सोनेरी खूण आहे, आत चिप असते त्याची. आप्पांच्या वेळी हे नव्हतं. मी पाकीट फोडलं, त्यांनी हात पुढं केला. नाव बघितलं नाही, माझा फोटो बघितला नाही. कव्हरवरून अंगठा फिरवला, शिवण वाकवून पाहिली, मग पुस्तक डाव्या हातात धरून उजव्या अंगठ्यानं पानं सर्रकन सोडली, एकदाच.

"छत्तीस," म्हणाले, आणि परत दिलं.

तर तू असं कर: तुझ्या आणि काकूंच्या पासपोर्टचे पहिल्या आणि शेवटच्या पानाचे स्वच्छ स्कॅन काढ. फोटो नको, स्कॅन, आकडे वाचता येतील असे. मला मेलवर पाठव, आणि तुझ्या धाकट्या भावालाही. झेरॉक्स दुसऱ्या बॅगेत. काकूंचा पासपोर्ट तूच सांभाळशील असं त्यांना वाटतंय, पण माझं ऐक, तुझाच त्यांच्याकडे दे.

फेब्रुवारीत येतोयस ते नक्की ना? मिसळ खायला सकाळीच निघू, उशीर झाला की रांग लागते. आप्पा विचारत होते तुला.

तुझा,
दादू

ता. क. त्या नागपूरच्या पोराचा काल मेसेज होता. तोही शेवटी घरीच आला. चिवडा कुठं मिळतो विचारतोय.